लायसन्स नूतनीकरणाचे तुमचे अनुभव सांगा

शेवंती:
काल माझ्या लायसन्सची मुदत बघायला फाइल काढली आणि हातात बाबांचं जुनं पुस्तकी लायसन्स आलं. करडं रेक्झिन, शाईने भरलेली पानं, फोटोवरचा शिक्का अर्धा कागदावर आणि अर्धा बाबांच्या कॉलरवर. मागे नूतनीकरणाचे शिक्के एकाखाली एक: १९९३, १९९८, २००३. पन्नाशीनंतर दर पाच वर्षांनी करावं लागायचं ना, म्हणून. पुढची जागा कोरी.

२००८ ला डॉक्टरांनी सर्टिफिकेटवर सही केली नाही. म्हणाले, आधी मोतीबिंदू काढून घ्या, मग या. ऑपरेशन झालं, बाबा पुन्हा बारीक टायपातला पेपर वाचायला लागले, पण आरटीओत परत गेलेच नाहीत. दर रविवारी चेतक पुसायचे, किक मारायचे, पाच मिनिटं चालू ठेवायचे आणि बंद करायचे. आम्ही कुणी विचारलंही नाही. विचारायला हवं होतं.

माझं २००५ चं, वीस वर्षं भरली. मी आता ४१ ची, म्हणजे मलाही डॉक्टरांची सही लागणार. तुमचं कसं झालं, लिहा.

घाटवाट:
माझं मार्चमध्ये झालं, आरटीओची पायरी चढावी लागली नाही. सारथी या सरकारी वेबसाइटवर आधारचा ओटीपी, डॉक्टरांनी त्यांच्या लॉगिनमधून फॉर्म १-अ, म्हणजे तब्येतीचं सर्टिफिकेट, चढवला, पैसे भरले, कार्ड स्पीड पोस्टने घरी. फक्त आधारला जोडलेला मोबाइल नंबर चालू आहे ना ते आधी बघा. माझा जुना नंबर कधीच बंद झालेला, दोन सकाळी आधार केंद्रावर गेल्या. मुदत संपायच्या एक वर्ष आधीपासून अर्ज करता येतो, शेवटच्या आठवड्यावर ठेवू नका.

दोनचाकी:
शेवंतीताई, चेतकचं वाचून भरून आलं. आमच्याकडे लूना होती, आईची. अकरा किलोमीटरवर शाळा, हँडलला डबा, मागे मी. चढावर पेडल मारायला लागायची तेव्हा मी उतरून मागून ढकलायचे. बाकी नंतर लिहिते, कुकर झाला.

चहाबाज:
माझं ऐका आणि आत्ता उठून आपलं कार्ड बघा. मुदत संपून एक वर्ष उलटलं की नुसतं नूतनीकरण होत नाही, पुन्हा टेस्ट. ४७ व्या वर्षी कॉलेजच्या पोरांच्या रांगेत उभा राहून आठ काढला, म्हणजे आठच्या आकड्यासारखी गाडी फिरवली. पाय टेकला की बाद. मागच्या पोराने सांगितलं, "काका, चाकाकडे बघू नका, पुढच्या खांबाकडे बघा." तसंच केलं आणि पास झालो. त्याला चहा पाजायचा म्हणून बाहेर शोधला, तोवर गेला होता. फार वाटलं.

पारिजातक:
आमचे हे अँब्युलन्सवर ड्रायव्हर. मे २०२० मध्ये लायसन्स संपलं, कार्यालय बंद, आणि गाडी तर रोज रात्री बाहेर. मग सरकारने १ फेब्रुवारी २०२० पासून संपलेली कागदपत्रं ग्राह्य धरली, ती मुदत वाढत वाढत ३१ ऑक्टोबर २०२१ पर्यंत गेली. त्या आदेशाची प्रिंट प्लास्टिकमध्ये घालून डॅशबोर्डवर ठेवलेली. घड्या पडून पडून मधोमध फाटली तेव्हा मी चिकटपट्टी लावून दिली. अजून जपून ठेवलीये.

शेवंती:
पारिजातक, तुमच्या अहोंना माझा नमस्कार सांगा.

दोनचाकी:
माझाही. त्या दिवसांत आमच्या आत्याला अशाच एका दादांनी मिरजेला पोचवलं होतं. आत्या बरी आहे आता.

लेस्टरची सून:
इथे इंग्लंडात ७० नंतर दर तीन वर्षांनी. पैसे लागत नाहीत, डॉक्टरची सही सरसकट लागत नाही, तब्येत आणि नजर ठीक आहे हे आपणच लिहून द्यायचं. २० मीटरवरून नंबरप्लेट वाचता आली पाहिजे हा नियम. सासरे ७८ चे. दर रविवारी फाटकाशी उभे राहून समोरच्या घराच्या गाडीचा नंबर मोठ्याने वाचतात. मी म्हटलं, बाबा, तो तर तुमचा पाठ झालाय. तेव्हापासून रस्त्याने येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्यांचे वाचतात आणि मला शेजारी उभं करतात, ताडून बघायला.

घाटवाट:
किती प्रामाणिक माणूस! सलाम त्यांना.

कोकणरस्ता:
माझ्याकडे अजून पुस्तकच आहे. सारथीवर नंबर टाकला तर काहीच येत नाही. एजंट तीन हजार मागतोय.

घाटवाट:
त्याला देऊ नका. जिथून लायसन्स काढलं त्या आरटीओत मूळ पुस्तक घेऊन जा आणि आधी बॅकलॉग एंट्री, म्हणजे जुन्या लायसन्सची कॉम्प्युटरवर नोंद, करून घ्या. मग नंबर दिसायला लागेल. फी काही शेकड्यांत आहे.

पारिजातक:
आणि पत्ता नीट तपासा. आमच्या दिरांचं कार्ड घर बंद म्हणून परत गेलं, मग आरटीओत जाऊन आणावं लागलं. तोपर्यंत डिजिलॉकरमधलं दाखवलं, ते चालतं.

कोकणरस्ता:
मनापासून आभार. सोमवारी जातो.

चहाबाज:
शेवंतीताई, चेतकचं पुढे काय झालं?

शेवंती:
भावाकडे आहे, सांगलीला. बाबा जाऊन सहा वर्षं झाली, पण रविवारची किक त्याने सोडलेली नाही. बरं, भाचीची गुरुवारी टेस्ट आहे, गियरची गाडी. आठ काढताना फर्स्ट की सेकंड?

चहाबाज:
फर्स्ट. क्लच अर्धा दाबून. आणि पुढच्या ब्रेकला हात लावू नको म्हणावं, वळणावर तिथेच पाय टेकतो.