एकाच खोलीतला चित्रपट आणि बेभरवशाची आठवण

प्रश्न : एक खोली आणि एकच पात्र, एवढ्यावर मी अत्यल्प खर्चात तासाभराचा चित्रपट करतो आहे. एकटेपणामुळे त्या पात्राला स्वतःच्याच आठवणींची खात्री वाटेनाशी झाली आहे. फ्लॅशबॅक न वापरता ही शंका प्रेक्षकापर्यंत कशी पोहोचवावी?

उत्तर : शंका दाखवू नका, ती प्रेक्षकालाच येऊ द्या. टेबलावरच्या कपाचा कान आधी उजवीकडे असेल, तर तेच दृश्य पुन्हा येताना तो डावीकडे असावा आणि पात्राने त्याकडे पाहूही नये. मात्र चित्रीकरणाच्या नोंदी काटेकोर ठेवा, कारण मुद्दाम केलेला बदल नजरचुकीसारखा वाटला, तर सारा परिणाम हातचा जातो.

दुसरे उत्तर : लॉफ्टस आणि पामर या मानसशास्त्रज्ञांच्या १९७४ मधील प्रयोगात अपघाताची फीत पाहिलेल्यांपैकी ज्यांना विचारलेल्या प्रश्नात धडकेसाठी अधिक तीव्र क्रियापद होते, त्यांच्यातील जास्त जणांनी आठवड्यानंतर फुटलेली काच पाहिल्याचे सांगितले; फितीत ती नव्हतीच. म्हणून पात्राला प्रश्न विचारणारा आवाज हवाच, मग तो फोनवरचा का असेना.

प्रश्नकर्ता : फोनचा विचार माझ्या मनात आलाच नव्हता, दुसऱ्या संवादात प्रश्नातला एकच शब्द बदलून पाहतो.