मदत हवी आहे : सावित्रीबाईंच्या पत्रांची मूळ पानं

नमस्कार मंडळी. ३ जानेवारीला शाळेत छोटं प्रदर्शन लावतोय. शाळा सातारा जिल्ह्यातली, नायगावपासून फार लांब नाही. त्यामुळे भर द्यायचाय तो सावित्रीबाईंनी जोतीरावांना लिहिलेल्या तीन पत्रांवर: १८५६, १८६८ आणि १८७७. मुलींना सगळ्यात भावलं ते १८६८ चं. गणेश आणि शारजा या जोडप्याला गावकरी मारायला निघाले, तेव्हा बाई मध्ये पडल्या आणि इंग्रजी कायद्याचा धाक घालून दोघांना वाचवलं. हे पत्र नायगावचंच, म्हणजे आमच्या शेजारचं! १८७७ च्या पत्रात जुन्नरकडच्या दुष्काळाची हकिकत आहे.

मजकूर आहे. मा. गो. माळींनी संपादित केलेलं समग्र वाङ्मय वाचनालयातून आणलं, मुलींनी पत्रं उतरवूनही काढली. त्यामुळे पीडीएफच्या लिंका कृपया नकोत. नेटवर शोधलं तर तोच टाइप केलेला मजकूर आणि बाजूला बाईंचं चित्र, एवढंच मिळतं. हस्ताक्षर म्हणून फिरणारी चित्रं कुठली ते कुणी लिहीत नाही, म्हणून ती लावणार नाही.

पुण्याला शनिवारीच जाता येईल. खर्च छपाईपुरताच आहे. मोडी वाचणारे एक निवृत्त गुरुजी मदतीला तयार आहेत.

तर, या पत्रांच्या मूळ पानांचा फोटो किंवा छायाप्रत कुणी स्वतः पाहिली आहे का? कुठे? अक्षर मोडी होतं की बाळबोध? आणि शाळेसाठी प्रत हवी असेल तर अर्ज कुणाच्या नावे करायचा?