'लूट' आपण इंग्रजांना शिकवली म्हणे

खडूपाटी
घरच्या ग्रुपवर परवा ती पोस्ट चौथ्यांदा आली. 'इंग्रजीतला लूट हा शब्द मराठीची देणगी आहे. १६६४ साली महाराजांनी सुरत मारली तेव्हा वखारीतले इंग्रज थरथर कापत हा शब्द शिकले.' खाली सहा भगवे झेंडे. आतेभावाने त्यावर 'गर्व आहे' असं लिहिलं. तीन वेळा गप्प बसले, आता बसवत नाही. ग्रुपवर लिहिलं तर दिवाळीला तोंडं वाकडी होतील, म्हणून इथे.

आधी तारखा. त्या काळच्या वखारीतल्या पत्रांत 'प्लंडर' आहे, 'रॉब' आहे. 'लूट' छापील इंग्रजीत दिसतो तो १७८८ च्या एका शब्दसंग्रहात, तोही हिंदुस्थानातला शब्द म्हणून. मध्ये १२४ वर्षं गेली. एवढ्यात थरथर थांबली असेल की!

शब्दही एकट्या मराठीचा नाही. १८८६ चा हॉब्सन-जॉब्सन हा अँग्लो-इंडियन शब्दांचा कोश तो हिंदुस्तानी म्हणून देतो आणि मागे जाऊन संस्कृत 'लोप्त्र', म्हणजे चोरीचा माल, तिथे पोचतो. काही जण 'लुण्ठ्' धातू धरतात. भांडण आहे ते या दोघांत. सुरतेचं त्यात नावही नाही.

आणि खरी गोम पुढे. हा शब्द थेट इंग्लंडात कधी रुजला? तोच कोश सांगतो: १८४० च्या सुमाराचं चीनचं युद्ध, मग क्रिमिया, मग १८५७-५८. म्हणजे साहेब स्वतः लुटायला लागला तेव्हा. १८६० मध्ये बीजिंगजवळचा बादशाही उन्हाळी महाल लुटून जाळला, तिथे सापडलेली एक पिटुकली पेकिंगीज कुत्री एका कॅप्टनने राणी व्हिक्टोरियाला नजर केली. राजवाड्यात तिचं नाव काय ठेवलं? 'लूटी'. १८६१ मध्ये काढलेलं तिचं चित्र आजही राजघराण्याच्या संग्रहात आहे.

तेव्हा दादांनो, शब्द आपण दिला नाही. त्यांनी तो उचलला, बाकीच्या सामानासारखाच.

सह्याद्रीचा_वारा
ती पोस्ट मी लिहिली आहे. झेंडे चार होते, सहा नाहीत. आकड्यांचा एवढा सोस आहे तर नीट मोजा.

मराठीचं कुठे नाव निघालं की काही लोकांच्या पोटात दुखतं. फारसीतून शब्द आला की 'भाषा समृद्ध झाली', आपला गेला की लगेच पुरावे मागायचे. आणि एक स्पष्ट सांगतो, महाराजांनी सुरत 'लुटली' हा शब्दच चुकीचा. ती स्वारी होती. शाहिस्तेखान तीन वर्षं पुण्यात तळ ठोकून मुलूख नासवत होता, त्याची ती भरपाई. लूट चोर करतात.

खडूपाटी
लूट केलीच नाही, तर शब्द शिकवला कशावरून?

पॉपकॉर्नवाला
😂 मी इथेच बसलोय. धाग्याचं शतक नक्की.

उधनाकर
सुरतेत ३१ वर्षं काढली म्हणून दोन शब्द. आमच्या भागात निम्मं खानदेश आहे, लूमवर अहिराणी ऐकायला मिळते. शाळेत धडा आला की मधल्या सुट्टीत गुजराती पोरं माझा डबा पळवायची. म्हणायची, 'लूंट पाछी लीधी', म्हणजे लूट परत घेतली. (तिकडे 'लूं'वर अनुस्वार असतो, शब्दप्रेमींनी नोंद घ्यावी.) भाकरी आणि ठेचा पाहून बहुतेक वेळा परत करायची, ते वेगळं.

वीरजी व्होरासारख्या बड्या सावकारांची घरं फोडली हे खरं. पण फादर अँब्रोज या कापुचिन पाद्र्याला हात लावला नाही, आणि डचांच्या एका दिवंगत दलालाचं घर तो दानधर्मी होता म्हणून सोडलं. हे बर्निए नावाच्या फ्रेंच माणसाने लिहिलंय, आपल्या बखरकाराने नव्हे. 'लूट' म्हटल्याने यातलं काय कमी होतं? मुघलांचा सुभेदार किल्ल्यात दडून बसला होता, लाज वाटायची तर त्याला वाटू दे.

ठाणे अंमलदार (नि.)
नोकरी पोलिसात झाली. आमच्या कागदावर लूट नावाचा गुन्हाच नाही. चोरी, जबरी चोरी, दरोडा. चौघांनी धाक दाखवून नेलं तर जबरी चोरी, पाचवा असला की दरोडा. भादंवि ३९२ आणि ३९५, आता बीएनएस, म्हणजे भारतीय न्याय संहिता, ३०९ आणि ३१०. एका फिर्यादीने माझ्याशी तासभर वाद घातला होता की 'लूट' असंच लिहा. पेपरात तसं येतं म्हणे. लुटारू किती होते विचारलं तर म्हणाला, 'चार, आणि एक जण लांब गाडीवर बसला होता.' तो गाडीवरचा धरून पाच झाले. माणसाला दरोडा मिळाला, समाधानाने घरी गेला.

आणि इंग्रजांनी १८६० च्या कायद्यात 'डकॉयटी' हा शब्द तसाच घेतला. 'ठग'ही नेला. चोरांची नावं पाहिजेत तर आपल्याकडून बरीच गेली आहेत. पोस्टवाल्यांनी त्यावरही झेंडे लावावेत.

सॉल्टलेक
मराठ्यांकडूनच शब्द गेला असा हट्ट असेल तर सुरत सोडा, बंगालकडे या. १७४१ ते ५१, नागपूरकर भोसल्यांच्या स्वाऱ्या. घाबरून कलकत्त्याच्या इंग्रजांनी शहराभोवती खंदक खणायला घेतला, त्याचं नावच 'मराठा डिच'. मी हे अभिमानाने लिहीत नाहीये. माझी सासू बंगाली. मुलगा झाला तेव्हा ती त्याला पाळण्यात घालून म्हणायची ती अंगाई अशी: बाळ झोपलं, आळी निजली, बर्गी आले देशात, बुलबुलांनी धान खाल्लं, आता शेतसारा कशाने भरू. बर्गी कोण हे कळल्यावर मी नवऱ्याकडे पाहिलं, त्याने छताकडे पाहिलं. बर्गी म्हणजे आपला बारगीर. सरकारी घोड्यावरचा पगारी स्वार. शिलेदार बिचारा घोडा घरचा आणून नामानिराळा राहिला.

पुरावा मात्र इथेही नाही. १७८८ च्या आधी हा शब्द कलकत्त्याच्या गोऱ्यांच्या तोंडी असेलही, पण तो मराठी तोंडातून गेला की हिंदुस्तानी, हे कोण सांगणार?

सह्याद्रीचा_वारा
म्हणजे आता नागपूरकरही चोर. करा, करा बदनामी. १८१८ मध्ये पेशव्याच्या जवाहिरातला त्र्यंबकेश्वराचा हिरा, ज्याला ते 'नस्साक' म्हणतात, कंपनीने नेला आणि लंडनच्या जवाहिऱ्याला विकला. त्याला लूट म्हणणार का 'उचलला' म्हणणार?

खडूपाटी
हे मात्र तुम्ही फार छान आणलंत, आणि तुमच्याच पोस्टच्या विरोधात. त्याला ते लूट म्हणत नव्हतेच. त्यांचा सरकारी शब्द 'प्राइझ'. श्रीरंगपट्टणला १७९९ मध्ये टिपूचा खजिना वाटायला रीतसर समिती होती. १८१७-१८ च्या लढाईतल्या 'डेक्कन प्राइझ'च्या वाटणीवरून त्यांचे सेनापती लंडनमध्ये वर्षानुवर्षं भांडत होते. शिपायाने परस्पर खिशात घातली ती लूट, साहेबाने यादी करून घेतली ते प्राइझ. शब्द आपल्याकडून नेला तो खालच्या खिशासाठी.

मामी इचलकरंजीच्या
मी बराच वेळ वाचते आहे. सगळे पुरुषी बोलताय (खडूपाटी, तुम्हीसुद्धा). लूट म्हणजे फक्त हिसकावणं होय? आमच्याकडे संक्रांतीला 'यंदा काय लुटलंस?' असं विचारतात, आणि त्याचा अर्थ 'काय वाटलंस' असा असतो. मी ८६ साली स्टीलच्या ४० वाट्या लुटल्या होत्या. इंग्रजाने अर्धाच शब्द नेला. देण्याचा अर्थ इथेच राहिला.

शेवगाशेंग
+१ मामी! बोरन्हाणात पोराच्या डोक्यावरून बोरं, चुरमुरे ओततात आणि बाकीची पोरं लुटतात, तेही आहे. आणि दसऱ्याचं सोनं.

खडूपाटी
मामी, इथे थोडं थांबा. बोरं लुटणारी पोरं घेतच असतात. दसऱ्याचं सोनंही लुटून आणतात आणि मग देतात. वाणात लुटतात त्या आलेल्या बायका, यजमानीण लुटवते. 'मी लुटलं' हे बोलण्यात घासून झालेलं रूप आहे. अर्थ हिसकावण्याचाच, फक्त लाडाने म्हटलेला.

मामी इचलकरंजीच्या
चाळीस वाट्या पदरच्या पैशाने आणल्या मी आणि लुटल्या त्यांनी? घासलंय ते तुमचं व्याकरण.

शेवगाशेंग
वाट्या तरी होत्या. आता २० रुपयांची प्लास्टिकची डबी देतात, तिचं झाकण घरी पोचेपर्यंत निघतं. आमच्या सोसायटीत मागच्या वर्षी मला एकाच आठवड्यात अकरा गाळण्या मिळाल्या. अकरा!

पेठेतला
प्लास्टिकबद्दल बोलणाऱ्यांनी स्टीलचा भाव बघावा. लूट कुणाला म्हणायची ते भांड्यांच्या दुकानात कळेल.

ठाणे अंमलदार (नि.)
विषय इंग्रजी शब्दाचा होता ना?

राखाडी
मला या वाणाबद्दलच लिहायचंय. वडील २००९ मध्ये गेले. त्या संक्रांतीपासून आईला आळीतल्या एकाही घरातून बोलावणं आलं नाही. त्याआधी २६ वर्षं ती सगळ्यांकडे जायची, सगळ्या तिच्याकडे यायच्या. ती दार लोटून आत बसायची आणि जिन्यावर बायकांचे आवाज ऐकायची. एकदा मीच शेजारून तिळगूळ मागून आणला, तर तिने मला ओरडून परत पाठवलं. तेव्हा 'देण्याचा अर्थ' वगैरे ऐकलं की मला हसू येत नाही. कुणी लुटायचं आणि कुणी लुटायला यायचं, हे आधीच ठरलेलं असतं.

शेवगाशेंग
प्रत्येक सणात हे आणायलाच हवं का? इथे गमतीत चाललं होतं.

राखाडी
तुमच्या अकरा गाळण्यांपेक्षा कमी विषयांतर आहे हे.

मामी इचलकरंजीच्या
राखाडी, बरोबर आहे तुझं. आमच्या भिशीत गेली दोन वर्षं सगळ्यांना बोलावतो. त्याआधी का नाही बोलावलं, याला माझ्याकडे उत्तर नाही. माझी जाऊ शेजारच्याच गल्लीत होती. असो. वाट्यांचं मात्र मी सोडणार नाही, त्या मीच लुटल्या.

सॉल्टलेक
मूळ मुद्द्यावर एक काडी टाकून पळते. जे 'लूट'चं मूळ 'लोप्त्र' मानतात, त्यांच्या मते त्याचं आणि इंग्रजी 'रॉब'चं दूरचं मूळ एकच, ओरबाडणं अशा अर्थाचं. वकिलाचा 'रोब'ही त्याच 'रॉब'च्या कुळातला. आधी अंगावरून उतरवून घेतलेले कपडे, मग झगा. म्हणजे साहेबाने परदेशातून आणला तो शब्द त्याच्या घरात आधीच होता, वेगळ्या कपड्यात.

पेठेतला
वकिलाचा झगा लुटीचा निघाला हे वाचून आज जेवण गोड लागेल. जागेचा दावा चौदा वर्षं चालू आहे.

खडूपाटी
हे मला नवीन आहे. 'लुण्ठ्' धरला तर ही सोयरीक मोडते, पण मोडू नये असं वाटतंय खरं. मामी, विचार केला. 'आनंद लुटणं'मध्ये कुणाचं काही जात नाही, तेव्हा शब्द पूर्ण हिसकावण्याचा नाही, एवढं मान्य. वाट्यांबद्दल अजून नाही.

सह्याद्रीचा_वारा
पोस्ट बदलली आहे. 'मराठीची' काढून 'भारतीय भाषांची' केलं. सुरत काढली. 'थरथर' काढली. शेवटी प्रश्नचिन्ह लावलं. आता त्यात माझे चार झेंडे उरलेत. तेही पाहिजे असतील तर या, लुटून न्या.

मामी इचलकरंजीच्या
झेंडे राहू देत. शेवगाशेंग, अकरातल्या दोन गाळण्या पाठव, माझी तुटली आहे.