मुंबईचे आर्चडीकन : शिक्षणाचे पाठीराखे की कंपनीचे पगारदार?

कुलाबेकर
मुंबईतील अँग्लिकन चर्चचा इतिहास सांगताना बहुतेक जण १८३७ पासून, म्हणजे थॉमस कार पहिले बिशप (धर्मप्रांताचे प्रमुख) झाले आणि सेंट थॉमस चर्चला कॅथीड्रलचा दर्जा मिळाला तिथून, सुरुवात करतात. त्याआधीची दोन दशके आर्चडीकनची, म्हणजे बिशपच्या वतीने देखरेख करणाऱ्या वरिष्ठ पाळकाची, होती आणि माझ्या मते तीच अधिक फलदायी ठरली. ईस्ट इंडिया कंपनीच्या १८१३ च्या सनदी कायद्याने अवघ्या हिंदुस्थानासाठी कलकत्त्यात एक बिशप आणि कलकत्ता, मद्रास व मुंबई येथे प्रत्येकी एक आर्चडीकन नेमण्याची तरतूद केली. बिशप थॉमस मिडलटन कलकत्त्यात. त्यामुळे इथल्या चॅप्लेनांवर, म्हणजे कंपनीच्या पगारी पाळकांवर, देखरेख ठेवण्याचे काम पहिले आर्चडीकन जॉर्ज बार्न्स यांच्या शिरावर आले. त्यांच्याच पुढाकाराने १८१५ मध्ये बॉम्बे एज्युकेशन सोसायटी स्थापन झाली. या संस्थेने १८२० मध्ये देशी शाळांसाठी समिती नेमली, ती १८२२ मध्ये स्वतंत्र झाली, तिने मराठी क्रमिक पुस्तके काढली आणि बाळशास्त्री जांभेकर पुढे तिचे नेटिव्ह सेक्रेटरी झाले. या साखळीची पहिली कडी आपल्या शिक्षणेतिहासात जेमतेम उल्लेखापुरती येते, हे मला अन्यायाचे वाटते.

जमाखर्च
अन्याय नेमका कोणावर झाला, हे त्याच कायद्यात पाहावे. बिशपला वर्षाला ५,००० पौंड आणि तिन्ही आर्चडीकनांना प्रत्येकी २,००० पौंड पगार ठरला, म्हणजे चार माणसांचे मिळून ११,००० पौंड, आणि तो हिंदुस्थानच्या महसुलातून द्यायचा होता. याच कायद्यात येथील लोकांच्या शिक्षणासाठी वर्षाला एक लाख रुपयांची तरतूद होती. त्या काळच्या विनिमयाने पाहिले तर दोन्ही रकमा जवळपास सारख्याच भरतात. फरक एवढाच की पगार सुरू झाले आणि शिक्षणाचे लाख रुपये १८२३ पर्यंत जवळजवळ कागदावरच राहिले. शेतसारा भरणाऱ्या रयतेचा या चार पदांशी काडीचा संबंध नव्हता. बार्न्स यांच्या सोसायटीचा मूळ हेतूही गरीब युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलांची सोय करण्याचा होता, हे आपण सोयीस्करपणे वगळले आहे.

कुलाबेकर
मूळ हेतू मर्यादित होता, हे मान्य आहे. मात्र पगाराचा दोष पद निर्माण करणाऱ्या पार्लमेंटचा आहे, पदावरच्या माणसाने काय केले याचा निवाडा त्यावरून होत नाही. शिवाय त्या पदाची उपयुक्तता अंतराच्या हिशेबात पाहावी लागेल. कलकत्त्याच्या बिशपचा धर्मप्रांत इतका अवाढव्य होता की १८२४ मध्ये ऑस्ट्रेलियातील न्यू साउथ वेल्ससाठी नेमलेला आर्चडीकनही त्याच्याच अधिकाराखाली आला! अशा प्रांतात जागेवर असलेला आर्चडीकन हाच कारभाराचा कणा होता. म्हणूनच १८३५ मध्ये मद्रासला डॅनिएल कोरी, १८३६ मध्ये ऑस्ट्रेलियात विल्यम ब्रॉटन आणि १८३७ मध्ये मुंबईत कार असे लागोपाठ तीन आर्चडीकन बिशप झाले.

शरणपूरकर
इथले अँग्लिकन चर्च ज्यात विलीन झाले त्या चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचा मी सभासद आहे, म्हणून घरातल्या बाजूने लिहितो. आर्चडीकनला बिशपचा डोळा म्हणण्याची परंपरा जुनी आहे आणि त्यात या पदाची ताकद व मर्यादा दोन्ही येतात. त्याने तपासणी करायची, चर्चचे छप्पर गळते का, नोंदवही नीट आहे का, पाळक आपले काम करतो का ते पाहायचे. पण पाळकपदाची दीक्षा देणे किंवा दृढीकरण (बाप्तिस्मा झालेल्यांना चर्चचे पूर्ण सभासद करून घेण्याचा विधी) करणे त्याच्या हातात नाही. त्यासाठी मुंबईकरांना बिशपच्या दौऱ्याची वाट पाहावी लागे. (इंग्लंडमध्येही हे पद फारसे लोकप्रिय नव्हते. आर्चडीकनचा उद्धार होऊ शकतो का, असा खोचक प्रश्न बाराव्या शतकात जॉन ऑफ सॅल्सबरी यांनी पत्रातून मांडला होता, कारण चर्चच्या न्यायालयातील दंडवसुलीमुळे ही मंडळी बदनाम होती.)

माझा मुख्य आक्षेप मात्र कुलाबेकरांच्या 'कारभाराचा कणा' या शब्दांना आहे. आर्चडीकनची देखरेख कंपनीच्या चॅप्लेनांवर होती आणि ते चॅप्लेन मुख्यतः छावण्यांतील व वखारींतील गोऱ्यांसाठी होते. मिशनरी त्या चौकटीत सहज बसत नव्हते, आणि हिंदी माणसाला दीक्षा देण्याचा कायदेशीर अधिकार तर खुद्द मिडलटन यांनाही स्वतःपाशी आहे असे वाटत नव्हते. त्याचा खुलासा १८२३ च्या कायद्याने झाला आणि त्यानंतरच मिडलटन यांच्या जागी आलेले बिशप रेजिनल्ड हेबर यांनी अब्दुल मसीह या हिंदी धर्मप्रचारकाला दीक्षा दिली. आमच्या नाशिकच्या शरणपुरात १८५४ मध्ये ख्रिस्ती वसाहत उभी राहिली ती चर्च मिशनरी सोसायटी या इंग्लंडमधील मिशनरी संस्थेच्या बळावर. मराठी ख्रिस्ती समाजाचा कणा शोधायचा तर तो तिथे सापडतो.

कुलाबेकर
मराठी ख्रिस्ती समाजाच्या बाबतीत तुमचे म्हणणे रास्त आहे, पण माझा दावा शाळांपुरता होता. देवळालीत १९२५ मध्ये सुरू झालेल्या शाळेला बार्न्स यांचे नाव देणाऱ्यांनाही हाच दुवा महत्त्वाचा वाटला असणार.

जमाखर्च
ती शाळा त्याच सोसायटीची, तेव्हा संस्थेने आपल्या संस्थापकाचे नाव दिले यात नवल नाही. बार्न्स यांना श्रेय द्यायचेच असेल तर ते सोसायटीच्या भायखळ्याच्या शाळांचे द्यावे. १८२२ नंतरचे मराठी पुस्तकांचे काम मात्र गव्हर्नर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांचा राजाश्रय, समितीचे सेक्रेटरी कॅप्टन जॉर्ज जर्व्हिस यांची चिकाटी आणि सदाशिव काशीनाथ छत्रे यांच्यासारख्यांची लेखणी यांवर उभे राहिले, आणि त्यासाठी देशी समितीला आर्चडीकनच्या सोसायटीतून वेगळे व्हावे लागले.