मुंबई विद्यापीठाच्या माजी विद्यार्थ्यांच्या जयंती-पुण्यतिथी

प्रश्न (दर्यापूर तालुका): १८५७ साली स्थापन झालेल्या मुंबई विद्यापीठात शिकलेल्या थोर व्यक्तींच्या जयंती-पुण्यतिथींचा फलक आमच्या गावच्या वाचनालयात लावायचा आहे. आरंभ कोणापासून करावा?

उत्तर (अकोला): आगरकरांपासून करावा. त्यांचे शालेय शिक्षण अकोल्यात झाले, त्यामुळे त्यांच्यावर वऱ्हाडाचाही हक्क आहे. जयंती १४ जुलै (१८५६), पुण्यतिथी १७ जून (१८९५). मात्र जूनच्या मध्यात आपल्याकडील शाळा उन्हामुळे बंदच असतात, म्हणून मुलांसाठीचा कार्यक्रम जुलैतच ठेवणे इष्ट.

उत्तर (वाशीम): १८६२ साली पदवी मिळवणाऱ्या पहिल्या तुकडीतील न्यायमूर्ती रानडे आणि रा. गो. भांडारकर यांना कृपया वगळू नये. रानडे यांचा जन्म १८ जानेवारी १८४२ रोजी झाला आणि निधन १६ जानेवारी १९०१ रोजी, त्यामुळे दोन्ही दिवसांचे स्मरण एकाच कार्यक्रमात होऊ शकते. भांडारकरांची जयंती ६ जुलैला येते. बाबासाहेबांचे १४ एप्रिल आणि ६ डिसेंबर हे दिवस गावागावांत पाळले जातात. तथापि त्यांनी एल्फिन्स्टन महाविद्यालयातून याच विद्यापीठाची बी. ए. पदवी घेतली, हे फलकावर अवश्य लिहावे.

प्रश्नकर्ता: मनःपूर्वक आभार. लोकमान्यांच्या २३ जुलै आणि १ ऑगस्ट या तारखाही घेत आहोत.