पात्रे बोलत नसतील तर पटकथाकार काय लिहितो? एर्लोम अख्व्लेदियानी यांच्याविषयी

प्रश्न:
ओतार योसेलियानी यांचा ‘एप्रिल’ आणि गिओर्गी शेंगेलाया यांचा ‘पिरोस्मानी’ (१९६९) हे सोव्हिएत काळातील दोन जॉर्जियन चित्रपट पाठोपाठ पाहिले. दोन्हींच्या श्रेयनामावलीत पटकथेसाठी दिग्दर्शकाबरोबर एर्लोम अख्व्लेदियानी यांचे नाव आहे. ‘एप्रिल’मध्ये तर संवाद जवळजवळ नाहीतच. मग त्यांनी नेमके काय लिहिले असेल? आणि त्यांचे नाव मागे का राहिले? जाणकारांनी कृपया सांगावे.

प्रतिसाद १:
अख्व्लेदियानी (जन्म १९३३, त्बिलिसी) हे मुळात कथाकार. ‘वानो आणि निको’ या त्यांच्या अगदी छोट्या, दृष्टांतासारख्या कथा वाचल्या की त्यांच्या पटकथांची किल्ली हाती लागते. तिथे स्वभाववर्णन नसते. एक साधी घटना घडते आणि तिच्यातूनच सारे उमगते. ‘एप्रिल’मधले नवे, रिकामे घर आठवा. तिथे आलेले प्रेमी जोडपे एकमेकांचे चुंबन घेते आणि दिवा आपोआप लागतो, नळाला पाणी येते. पुढे घर सामानाने भरत जाते, भांडणे सुरू होतात आणि हा चमत्कार ओसरतो. प्रेम आणि नळाचे पाणी यांची अशी गाठ घालणे हेच लेखन आहे. संवाद म्हणजेच पटकथा, हा समज आपण सोडायला हवा असे मला मनापासून वाटते.

प्रतिसाद २:
वरील मताशी सहमत आहे. त्यात एक भर घालतो. सोव्हिएत पद्धतीत आधी ‘साहित्यिक पटकथा’ लिहिली जाई, ती संपादकांपासून वरिष्ठ अधिकाऱ्यांपर्यंत वाचली जाई आणि मंजुरीनंतरच दिग्दर्शक चित्रीकरणासाठी स्वतःची वेगळी पटकथा तयार करी. म्हणजे लेखकाचा मजकूर वाचनीय गद्य म्हणून आधी कागदावर टिकावा लागे. मात्र कागदावर मंजुरी मिळाली म्हणजे चित्रपट सुटला असे नव्हे. ‘एप्रिल’ तयार होऊनही कित्येक वर्षे अडवून ठेवला गेला. पहिलेच महत्त्वाचे काम प्रेक्षकांपर्यंत पोहोचत नसेल, तर नाव कसे होणार? दिग्दर्शक निदान पुढच्या चित्रपटाने ओळखला जातो.

प्रश्नकर्ता:
आपले आभार. मग ‘पिरोस्मानी’मध्ये हा हात कुठे दिसतो?

प्रतिसाद १:
निको पिरोस्मानी (१८६२–१९१८) हे खाण्यापिण्याच्या मोबदल्यात गुत्त्यांसाठी पाट्या आणि चित्रे रंगवणारे, बहुधा काळ्या मेणकापडावर काम करणारे चित्रकार. त्यांच्या आयुष्यावर भाषणबाज चरित्रपट सहज झाला असता. इथे मात्र एकेक प्रसंग त्यांच्याच चित्रासारखा समोरून, स्थिर आणि मोजका मांडला आहे. माणसे क्षणभर बसून राहतात आणि कुणीही काही समजावत नाही. मुख्य भूमिका करणारे अवतो वराझी स्वतः चित्रकार होते. त्यांना फारच थोडी वाक्ये दिलेली आहेत, त्यामुळे आपण त्यांच्या चेहऱ्याकडे बघत राहतो. ही वाक्ये न लिहिण्याचा निर्णयही आधी कागदावरच झालेला असतो.