के. पी. एस. गिल : पंजाब शांत झाला, पण कुठल्या वाटेनं?

पुणेकर :
१० ऑगस्ट १९८६ रोजी माजी लष्करप्रमुख जनरल अरुणकुमार वैद्यांना खलिस्तानवाद्यांनी आमच्या पुण्यात भर रस्त्यात गोळ्या घातल्या. पंजाबातली आग कुठवर पोचलीय हे त्या दिवशी इथं कळलं. म्हणून ती आग विझवणारे पंजाबचे तेव्हाचे पोलीस महासंचालक गिल यांना नुसतं ‘क्रूर’ म्हणून निकालात काढणं मला पटत नाही. मे १९८८चं ऑपरेशन ब्लॅक थंडर आठवा. सुवर्णमंदिराला वेढा घातला, पाणी-वीज तोडली, आणि पत्रकारांच्या डोळ्यांदेखत अतिरेकी हात वर करून बाहेर आले. चारच वर्षांपूर्वी लष्कर मंदिरात घुसलं, त्या ब्लू स्टारमध्ये अकाल तख्ताची, शिखांच्या सर्वोच्च धर्मपीठाची, काय दशा झाली होती! १९९१ला गिल पुन्हा पोलीस महासंचालक झाले आणि दोनेक वर्षांत दहशतवादाचा कणा मोडला.

रेवा :
ब्लॅक थंडरचं श्रेय मान्य. पण त्या दोनेक वर्षांत काय घडलं ते तुम्ही गाळलंत. जसवंतसिंग खालरा या कार्यकर्त्यानं स्मशानांतल्या नोंदी शोधून काढल्या. पोलिसांनी ‘बेवारस’ म्हणून जाळलेल्या कितीतरी जणांचे घरचे त्यांची वाट बघत होते. सप्टेंबर १९९५मध्ये पोलिसांनी खालरांनाच अमृतसरच्या घरासमोरून उचललं आणि मारलं. तेव्हा महासंचालक गिलच होते. पुढे सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशावरून सीबीआयनं तपास केला. अमृतसर जिल्ह्यातल्या तीन स्मशानांत असे २,०९७ अंत्यसंस्कार निघाले. त्यातल्या १,२३८ जणांची ओळखच पटली नाही.

मिलिंद, नागपूर :
आणि पोलीस मेले त्यांचं काय? १९९२ला अतिरेक्यांनी त्यांच्या घरात घुसून बायकामुलांना मारलं. साक्षीदार कोर्टाची पायरी चढायला धजत नव्हते. अशा वेळी कायद्यानं लढा, हे लांबून सांगणं सोपं आहे.

रेवा :
त्या हत्या भयंकरच होत्या. पण खालरांच्या हातात बंदूक नव्हती, स्मशानातले कागद होते. त्यांच्या खुनात २००५ला सहा पोलीस दोषी ठरले.

अ‍ॅड. शुभदा :
रूपन देओल बजाज यांना कसं विसरता? १९८८, चंदीगडची पार्टी, या आयएएस अधिकारी महिलेचा गिलनी केलेला विनयभंग. १९८९ला गिलना पद्मश्री मिळाली, त्याच वर्षी उच्च न्यायालयानं एफआयआर रद्द केला. १९९५ला सर्वोच्च न्यायालयानं खटला पुन्हा उभा केला, १९९६ला गिल दोषी ठरले, २००५ला त्यावर शिक्कामोर्तब झालं. सतरा वर्षं! इथं कुठला अतिरेकी समोर होता?

पुणेकर :
बजाज प्रकरणात मी त्यांची बाजू घेणार नाही. पण पंजाबचं सगळं पाप एकट्या गिलवर का? त्यांना मोकळीक मुख्यमंत्री बिअंतसिंग आणि दिल्लीनंच दिली होती.

रेवा :
त्यांनाही जाब विचाराच. पण ठाणी गिल यांच्या हाताखाली होती. आणि मानवाधिकार आयोगानं त्या ‘बेवारस’ अंत्यसंस्कारांची चौकशी अमृतसर जिल्ह्यापुरतीच ठेवली. बाकीच्या जिल्ह्यांतल्या घरच्यांनी कुणाकडे जायचं?